नखाएवढं पामीर

रचना : ह्या नकाशात माझ्या उजव्या हाताखाली हे काय आहे, रवळूअण्णा?

रवळू : त्यो हिमालय, बाई.

रचना : हिमालय? मला तर ताटात इडल्या मांडल्यासारखं लागतंय. एक, दोन, तीन... नऊ इडल्या.

रवळू : नऊ शिखरं केल्यात. नातीच्या पुस्तकात बगून केली. तिथं तपकिरी रंगात काळी काळी त्रिकोनं हाईत. आधी टोकदारच कोरलीती, मग म्हटलं पोरांच्या बोटांस्नी टोचतील. म्हणून गोल केली.

रचना : आणि दोन इडल्यांच्या मधे सपाट?

रवळू : मधे सपाटच की.

रचना : मग हे नऊ सुटे डोंगर झाले. रांग नाही झाली.

रवळू : राग नगा मानू, पर तुमी तरी हिमालय कुठं बगितलाय?

रचना : जन्मापासून काहीच बघितलं नाही, हिमालय कुठला बघू? पण नऊ वर्षं अंधशाळेत भूगोल शिकवतेय. त्याच्या खिंडी पाठ आहेत मला. नथू ला ही खिंड घ्या. खिंड म्हणजे डोंगर जिथं खाली वाकलाय ती जागा. ती वाकलेली जागा चौदा हजार फुटांवर आहे.

रवळू : वाकून चौदा हजार?

रचना : वाकून.

रवळू : आन् आमचा चोर्ल्याचा घाट?

रचना : अडीच हजार धरा. ताठ उभा राहून.

रवळू : आयला. तिथनं खाली बगितलं की माझं पाय गार पडत्यात.

रचना : माझे आप्पा निपाणी-बेळगाव बसला कंडक्टर होते. सुट्टीत मला पुढच्या सीटवर बसवायचे आणि एकेक थांबा ओरडायचे. तवंदी, संकेश्वर, हत्तरगी, यमकनमर्डी, काकती. मला वाटायचं, ही गावं सुटी सुटी आहेत, हवेत लोंबकळणारी. मग एकदा लक्षात आलं की गाडी थांबत नाही तेव्हाही चाकाखाली रस्ता असतोच. रांगेचं तसंच आहे, अण्णा. शिखर म्हणजे नुसता थांबा. खालचा रस्ता सलग.

रवळू : म्हंजे आधी सलग बांध घालायचा, आन् मग त्याच्यावर चढउतार.

रचना : आणि बांध सरळ नाही. धनुष्यासारखा. मधे भारताकडे पोक आलेला.

रवळू : बरं. मग उंची किती धरू? मला माप लागतंय, बाई. छत्तीस वर्सं ओतकामासाठी पंपाच्या केसिंगचं, कवचाचं, लाकडी पॅटर्न करतोय. अर्धा एमएम चुकला तर सगळा माल बाद. अंदाजावर हात चालत न्हाय माझा.

रचना : खरं माप सांगू, का सोयीचं?

रवळू : खरंच सांगा.

रचना : तुमची फळी चार फुटांची, तिच्यावर सगळं जग. पृथ्वीचा घेर चाळीस हजार किलोमीटर. म्हणजे फळीवर एक एमएम म्हणजे तेहतीस किलोमीटर. एव्हरेस्ट नऊ किलोमीटरला थोडा कमी. आता करा.

रवळू : तेहतिसाला एक... तर नवाला... पाव एमएम?

रचना : पावाच्या जरा वर.

रवळू : पाव एमएम.

रचना : हो. अण्णा? आहात ना?

रवळू : हाय हाय. हातात पॉलिशपेपर हाय माझ्या. ऐंशी नंबरी. सकाळी हीच फळी साफ केली ह्यानं. दोन हात मारलं की पाव एमएम जातंय.

रचना : म्हणजे सकाळी दोन हातांत एव्हरेस्ट गेला.

रवळू : खाली भुशात पडलाय की मग. मी चप्पल घालून उभा हाय त्याच्यावर.

रचना : असा विचार मीही केला नव्हता कधी.

रवळू : बाई, मानसं मरत्यात ह्यो चढताना. पेपरात येतंय. पाव एमएम चढताना मरत्यात?

रचना : पाव एमएम चढताना. पृथ्वी तेवढी मोठी आहे.

रवळू : थांबा जरा. मी बसतो.

रचना : बसा.

रवळू : ह्या फळीवर मी तरी कुठं दिसनार? आमचं गाव जांबोटी कुठं दिसनार?

रचना : मोहरीचा दाणा ठेवलात तर त्याखाली जांबोटी, खानापूर, बेळगाव, सगळं जाईल.

रवळू : एक सांगू? हसू नगा. सातवीत असताना गुरुजींनी इचारलं, रवळू, हिमालय कुठं हाय? मी खिडकीतनं बोट दावलं. शाळंच्या मागं डोंगर होता ना आमच्या. त्याच्यापरीस मोठं मी कायबी बगितलं नव्हतं. मला खरंच वाटायचं त्योच हिमालय. सगळा वर्ग हसला. गुरुजी बी हसले. नापास झालो, भूगोलातच. मग बाबांनी हितं बेळगावात, उद्यमबागेच्या कारखान्यात आनून सोडलं, सुताराच्या हाताखाली.

रचना : मी नाही हसणार. तुम्ही दाखवलेल्या डोंगराचा दगड हिमालयापेक्षा जुना आहे. तिकडे समुद्र होता, अण्णा. हिमालय उभाच राहायचा होता. तेव्हा आपला दगड इथं होता.

रवळू : आमच्या शाळंच्या मागचा?

रचना : तोच.

रवळू : हे गुरुजींनी सांगायला पायजे होतं.

रचना : आता उंचीचं ठरवू. पाव एमएम बोटाला लागणार नाही. किलोमीटरला दोन एमएम धरा. एव्हरेस्ट अठरा, सह्याद्री दोन.

रवळू : म्हंजे खोटं माप.

रचना : उंचीला खोटं, लांबीला खरं. पोरांच्या हाती नकाशा द्यायच्या आधी मी ते सांगणार आहे.

रवळू : सांगा. आन् पॉलिशपेपरचं बी सांगा. न्हायतर कुनाला पटायचं न्हाय.

॰ ॰ ॰

आण्णाप्पा : टीचर, नमस्कार. मी आण्णाप्पा. मोल्डिंग माझ्याकडं असतं. रवळूचा पॅटर्न वाळूत दाबायचा, वर उचलायचा, आन् खाली जो ठसा ऱ्हातो त्यात अल्युमिनियम ओतायचं, एवढंच माझं काम. पर ह्यो पंधरा दिवस झाले काय करतोय ते मला बरं दिसत न्हाय.

रचना : काय बिघडलं, आण्णाप्पा?

आण्णाप्पा : पॅटर्नला दोन्ही बाजूला उतार पायजे. उचलताना वाळू सुटली पायजे. आन् ह्यानं काय केलंय बघा. एका बाजूला उतार, दुसऱ्या बाजूला भिंत. वाळू फाटणार, यप्पा!

रवळू : आरं, डोंगर तसाच हाय त्याला मी काय करू? चोर्ल्याच्या माथ्यावर उभा ऱ्हा. गोव्याकडं कडा, आन् जांबोटीकडं उतार. मलप्रभेला इचार. कणकुंबीला उगम पावती, समुद्र तिथनं हाकेवर. तरी पाठ फिरवून पार पूर्वेला जाती, कृष्णंला मिळती.

रचना : ही तुमच्या बोटाखाली कुठली रांग आहे आत्ता?

रवळू : ही दक्षिण अमेरिकेची. अँडीज. एक वीत भरती. तुमी सांगितलं म्हणून समुद्राकडं उभी केली.

रचना : तिच्यावर ॲमेझॉनचा उगम आहे. पॅसिफिक समुद्रापासून दोनशे किलोमीटरच्या आत. आणि ॲमेझॉन जाते उलटी, साडेसहा हजार किलोमीटर, दुसऱ्या समुद्राला.

रवळू : समुद्र जवळ असून?

रचना : जवळ असून. मधे डोंगराची भिंत आहे ना.

रवळू : म्हंजे मलप्रभा तिकडं बी हाय, आण्णाप्पा! ऐकलास का? एवढ्या लांब. तिथं बी पाऊस पडून पानी असंच पाठ फिरवतंय.

आण्णाप्पा : ऐकलं. वाळू तरी फाटणारच.

रवळू : पाव डिग्रीचा उतार देतो. बाईंच्या बोटाला कळायचं न्हाय.

रचना : कळेल. पण चालेल.

आण्णाप्पा : आन् ह्यो समुद्रातला बांध कशाला? युरोप आन् अमेरिकेच्या बरोबर मधे? तिथं तर पानी हाय की.

रवळू : तेच मी बी इचारलं. म्हटलं बाई, पान्याखालचा डोंगर कोन बगतंय?

आण्णाप्पा : मग काय म्हणाल्या?

रवळू : म्हनाल्या, वरचे तरी मी कुठं बगितलेत? मग मी गप कोरायला लागलो.

रचना : आण्णाप्पा, जगातली सगळ्यात लांब रांग ती आहे. हिमालय नाही, अँडीज नाही. सगळे फाटे धरले तर पासष्ट हजार किलोमीटर. पृथ्वीला दीड वेढा घालूनही उरते. सगळ्या समुद्रांखालून जाते. आइसलँडजवळ तेवढं पाण्याबाहेर डोकं काढते.

आण्णाप्पा : दीड वेढा?

रचना : आणि डोळे असलेल्या कुणालाही ती दिसत नाही. तिच्या बाबतीत तुम्ही, मी, सगळे सारखे.

आण्णाप्पा : हौदू की, खरं हाय.

रवळू : आता हे बग, हितं बोट फिरव. ही अरवली. राजस्थानातली.

आण्णाप्पा : गुळगुळीत केलायस. घाई झाली काय?

रवळू : घाई न्हाय रं. दीड दिवस घासलीय. बाईंनी सांगितलं, जुन्या रांगा गुळगुळीत कर, नव्या खडबडीत ठेव. अरवली लई जुनी. एकेकाळी लई उंच होती म्हनं. पावसानं, वाऱ्यानं घासली. इतकी वर्सं कोन घासत बसलंय बग. मी छत्तीस वर्सं पॉलिशपेपर मारतोय, मला वाटायचं आपुनच लई घासलं.

आण्णाप्पा : आन् हिमालय?

रचना : हिमालय अजून वाढतोय. वर्षाला काही एमएम.

रवळू : वाढतोय? म्हंजे माझं माप चुकनार?

रचना : चुकणार ना. एक लाख वर्षांनी या आणि वर एक एमएमचा थर चढवा.

रवळू : येतो की. आण्णाप्पा, तू पन ये.

आण्णाप्पा : टीचर, रागावणार नसाल तर एक विचारतो. दिसत नसलेल्या पोरांना हे डोंगर कशाला? ह्याच्यानं नोकरी लागती काय?

रचना : नाही लागत. डोळस पोरांना तरी कुठं लागते? पण दहावीच्या भूगोलाच्या पेपरात नकाशाचा प्रश्न असतो, आण्णाप्पा. आमच्या पोरांना तो माफ. त्याऐवजी दुसरा लिहायचा. मलाही माफ होता. घरी येऊन आप्पांना सांगितलं तर आई खूश झाली. गंगव्वा तिचं नाव, तंबाखूच्या वखारीत कामाला होती, शाळेत कधी गेली नाही. म्हणाली, बरं झालं, तेवढंच कष्ट वाचलं माझ्या लेकीचं. आप्पांनी मात्र रात्री जेवल्यावर नकाशांचं पुस्तक काढलं आणि वाचायला बसले. मुखपृष्ठापासून. रांगेचं नाव, कुठून कुठवर, कुठला अक्षांश, किती उंची. महिनाभर रोज. मला सगळं पाठ झालं. पण आकार काही ते सांगू शकले नाहीत. आकार कसा वाचून दाखवणार?

आण्णाप्पा : बरोबर हाय.

रचना : मला ती माफी नकोय. माझ्या पोरांसाठी तरी नको. मी परीक्षा मंडळाकडे अर्ज केलाय. उत्तर आलं की असा हाताला लागणारा नकाशा असेल तर आम्ही येऊन बघू. मंडळाचे साहेब येणार आहेत, शुक्रवारी.

आण्णाप्पा : ह्या शुक्रवारी? मग बोलत काय बसलात? रवळू, फळी उचल. बुधवारी भट्टी पेटती तेव्हा वाळूचा पहिला बॉक्स ह्याचाच ओततो. मालकांना मी सांगतो.

॰ ॰ ॰

रवळू : सांभाळून, बाई. बॉक्स आत्ताच फोडलाय. कोमट हाय अजून, भाजत न्हाय. हं, ठेवा हात. तुमच्या डाव्या हाताला अमेरिका.

रचना : रॉकी... किती रुंद आहे ही. मला वाटायचं अँडीजसारखीच बारीक असेल. मग खाली... हां, अँडीज. एकदम कडेला. पार शेवटपर्यंत कडेकडेनं.

आण्णाप्पा : शेपटाला धातू पोचला का बघा. भीती तिथंच होती मला.

रचना : पोचलाय. पातळ झालाय, पण आहे. हा समुद्रातला बांध. आफ्रिका. आफ्रिकेला लांब रांगच नाही की अण्णा, वर ॲटलास आणि खाली ही कड. हे शिकवलंय मी. हात फिरवून कळतंय ते वेगळंच.

रवळू : आता आल्प्स.

रचना : आल्प्स एवढीशी? ह्याच्यावर किती पानं आहेत पुस्तकात! हे उरल, उभं. गुळगुळीत. वा, अण्णा. आणि आता... हे आलं. धनुष्य. चार बोटांचं.

रवळू : पोक आलाय न्हवं भारताकडं?

रचना : आलाय. आणि मागे तिबेट खाली उतरतच नाही. इतका वेळ वरच राहतो हात. लई उंच आहे गं बाई हे.

आण्णाप्पा : टीचर आमच्यासारखं बोलायला लागल्या.

रचना : आता पश्चिमेला जाते. इथं पामीर येईल. पामीरची गाठ म्हणतात तिला. पाच रांगा जिथं एकत्र येतात, तिथंच... अण्णा, इथं काय झालंय?

रवळू : कुठं?

रचना : इथं. हिमालयाच्या वरच्या टोकाला. सगळं एकच ढेकूळ लागतंय.

आण्णाप्पा : बघू. अय्यो.

रवळू : काय झालं रं?

आण्णाप्पा : वाळू तुटली. दोन रांगांच्या मधली फट लई बारीक होती. ठशात तिथं वाळूचं पातं उभं राहतं. धातू आला, पातं मोडलं, सगळीकडं अल्युमिनियम घुसलं. माझी चूक हाय. तिथं मी वाळूला आधाराचा खिळा लावायला पायजे होता.

रवळू : तुझी कसली चूक? मीच फट उभी कोरली. परत ओतूया, बाई.

रचना : कधी?

आण्णाप्पा : भट्टी आता सोमवारी.

रचना : साहेब परवा येणार.

रवळू : मग?

रचना : मग काय, असाच नेते. बाकी सगळं जग तर बरोबर आहे.

रवळू : नखाएवढी जागा हाय बगा. साहेबास्नी कळनार बी न्हाय.

रचना : नाही कळणार.

॰ ॰ ॰

रवळू : या बाई, या. आज शनिवार, आमी दोघंच हाय. आन् ह्यो नकाशा परत कशाला आनलासा? साहेबांनी नापास केला काय?

रचना : नाही. पास केला.

रवळू : पास? मग तोंड असं का?

रचना : साहेब तासभर होते. चांगले होते. सगळ्यावरून हात फिरवला. म्हणाले, ह्या वर्षी माफी सरसकट काढता येणार नाही. पण ज्याला नकाशाचा प्रश्न लिहायचाय त्यानं शाळेतर्फे तसं लिहून द्यावं, परीक्षेत हा नकाशा बाकावर ठेवू. लेखी पत्र दिलं.

आण्णाप्पा : मग जिंकलात की! किती पोरांनी लिहून दिलं?

रचना : अकरा जण आहेत दहावीला. चौघांनी.

रवळू : चौघंच?

रचना : माफी सोडायची भीती वाटते, अण्णा. इतकी वर्षं सगळ्यांनी सांगितलंय की हे तुला जमणार नाही, राहू दे. चार खूप झाले. तेजस्वीनं पहिलं नाव दिलं.

रवळू : ही कोन?

रचना : तुमच्याच बाजूची आहे, जांबोटीच्या पुढची. चौघांना घेऊन बसले काल. तेजस्वीचं बोट हिमालयावरून चालत चालत त्या ढेकळापाशी आलं. म्हणाली, बाई, गाठ म्हणजे हे होय? मी नऊ वर्षं वर्गात सांगतेय, पामीरची गाठ, पामीरची गाठ. गाठीतून दोर बाहेर येतात ना, अण्णा? हे तर नुसतं ढेकूळ. मी हो म्हणणार होते.

आण्णाप्पा : म्हणायचं. कोण बघतंय?

रचना : तीच बघतेय. तिला दुसरीकडे कुठं बघायला मिळणार? मी हो म्हटलं की तिच्यासाठी पामीर जन्मभर ढेकूळच.

रवळू : सोमवारी परत ओततो म्हटलं होतं मी.

रचना : परत ओतलं आणि परत तिथंच वाळू मोडली तर? कोरता येणार नाही का? अल्युमिनियम मऊ असतं ना?

रवळू : मऊ हाय. पर माझी पटाशी तिथं मावनार न्हाय. पाच रांगा आन् जागा नखाएवढी.

आण्णाप्पा : शहापुरात माझा पाव्हणा सोनार हाय. त्याच्या कोरण्या असतात, दाभणासारख्या. अर्ध्या तासात आणतो. तोवर टीचरना चहा पाज.

रवळू : जा. दोन-तीन मापाच्या आन.

॰ ॰ ॰

रवळू : हं. कोरनी बरी हाय. आता कुठनं सुरू करू? माझ्या डोळ्याला ढेकूळच दिसतंय.

रचना : तुमच्या हातावर हात ठेवू?

रवळू : ठेवा. धारीपासनं लांब ठेवा म्हंजे झालं.

रचना : हिमालयावरून पश्चिमेला चला. अजून. थांबा. इथं नंगा पर्वत. इथं हिमालय संपतो. त्याच्या टोकाला वळसा घालून सिंधू नदी खाली जाते. तो पहिला घाव. वरच्या बाजूनं, उजवीकडून डावीकडे.

रवळू : केवढा खोल?

रचना : नंगा पर्वत आठ किलोमीटर, आणि सिंधू तिथं हजार-बाराशे मीटरवर. खोल जाऊ द्या.

रवळू : म्हंजे साडेतेरा एमएम सरळ खाली? एका जागी?

रचना : एका जागी.

आण्णाप्पा : यप्पा!

रवळू : गप, हात हलतोय. ...हं. सुटला बगा. हिमालय सुटा झाला.

रचना : आता सिंधूच्या पलीकडे जे राहिलं त्यात काराकोरम आहे. घड्याळ डोळ्यांपुढं आणा. गाठ मधोमध. काराकोरम साडेचारच्या दिशेला जातो. त्याच्या मागून कुनलुन, साडेतीनच्या दिशेला. दोघांच्या मधून यारकंद नदी. बारीक ठेवा.

रवळू : साडेचार आन् साडेतीन. मधी चार वाजता घाव.

रचना : बरोबर. हळू. ...मोडला नाही ना?

रवळू : न्हाय. केसाएवढा ऱ्हायला, पर उभा हाय.

रचना : आता दोनच्या दिशेला तिआनशान. चीनकडे जातो, लांब. त्याच्या आणि कुनलुनच्या मधे मोठं वाळवंट आहे, तिथं भरपूर काढा, बोट बुडू दे. हां. आणि डाव्या हाताला, आठच्या दिशेला, हिंदुकुश. त्याला वाखानच्या दरीनं वेगळं करा.

आण्णाप्पा : रवळू, तुला घाम आलाय. पुसतो थांब.

रवळू : बाई, एक बगितलंत का? मघापास्नं मी नद्या आन् दऱ्याच कोरतोय. डोंगर एक बी केला न्हाय.

रचना : तिकडेही बरंचसं असंच झालंय. मधलं गेलं, आणि उरलं त्याला आपण डोंगर म्हणतो.

रवळू : आन् हे सगळं नखाखाली.

रचना : तुमच्या नखाखाली. तिथं पायी जायला महिने लागतात.

रवळू : माझ्या अंगावर काटा आलाय. ह्यो बग, आण्णाप्पा, हातावर. पंपाची केसिंगं करता करता जल्म गेला, कुठं जात्यात त्याचा बी पत्ता नसायचा मला. आन् आज मी...

आण्णाप्पा : बोलू नको. फुंकर मार, किस उडू दे.

रवळू : हं. झालं. लावा हात, बाई. नंगा पर्वतावरनं सुरू करा.

(रचना नकाशावर हात ठेवते. नंगा पर्वतावरून बोट हळूहळू पुढे सरकवते, एकेक फट पुन्हा पुन्हा तपासते.)

रवळू : चुकलं काय कुठं?

आण्णाप्पा : बाहेर शाळेची गाडी हॉर्न देतीया, टीचर. ड्रायव्हर म्हणतोय, उशीर झाला.

रवळू : बाई?

रचना : त्याला जरा थांबायला सांगा. मी अजून तिआनशानमध्ये आहे.